ऑलिंपिकचा आखाडा आणि आपली तालीम

(नृसिंहवाडी येथे तालमीच्या वार्षिक समारंभात एका गावशाळेच्या गुरुजींनी केलेले भाषण)



मी पहिलवान नाही, हे प्रथमच कबूल करतो. लहानपणी दोन पावसाळे तालमीत गेलो. तिसऱ्या पावसाळ्यात वस्तादांनी माझ्या हातात खोरे देऊन मला हौदाची माती खणायला लावले आणि म्हणाले, "पोरा, तुझं काम पाटीवर हाय, मातीत न्हाई." वस्तादांचा शब्द खरा ठरला. मी ट्रेनिंग कॉलेजात गेलो, मास्तर झालो. तेव्हा आखाड्यातले याला काय कळते असे कोणी म्हटले तर मी राग मानणार नाही. पण तालमीच्या पंचांनी आज्ञा केली की, पोरांना ऑलिंपिकविषयी चार गोष्टी सांगा. डावपेच वस्ताद शिकवतील. मी फक्त त्या आखाड्याचा दरवाजा कोणी बांधला, कोणासाठी उघडला आणि कोणाच्या तोंडावर लावून घेतला, एवढेच सांगणार आहे.

ग्रीस देशात ऑलिंपिया नावाचे एक क्षेत्र आहे. आपल्या वाडीला जसा कृष्णा-पंचगंगेचा संगम, तसा तिथे आल्फिओस आणि क्लाडेओस या दोन नद्यांचा संगम. आपल्याकडे जशी दत्तमहाराजांच्या पादुकांची यात्रा, तशी तिथे झ्यूस नावाच्या त्यांच्या देवाची यात्रा. दर चार वर्षांनी ती भरे आणि तीत धावण्याच्या शर्यती, कुस्त्या, थाळीफेक, रथांच्या शर्यती होत. इसवी सनापूर्वी 776 सालापासूनची नोंद मिळते. यात्रेच्या काळात भांडणाऱ्या राज्यांनीसुद्धा यात्रेकरूंच्या व खेळाडूंच्या वाटेला जायचे नाही, असा दंडक होता. इनाम काय? तर रानटी ऑलिव्ह झाडाच्या पानांचा मुकुट. आपल्याकडे नारळावरची कुस्ती लागते ना, तसेच. अंगाला तेल लावून, वर माती टाकून मल्ल भिडत. मायलो नावाच्या मल्लाने तिथे सहा यात्रांत जय मिळवला.

आता एक गोष्ट ध्यानात धरा. 776 सालच्या नोंदीत ज्या पहिल्या विजेत्याचे नाव आहे, तो कोरोइबोस. तो कोण होता? जुने ग्रंथकार सांगतात की तो आचारी होता. चुलीपुढे घाम गाळणारा माणूस त्या यात्रेचा पहिला मानकरी झाला! मात्र म्हणून तिथे सगळा रामराज्याचा कारभार होता असे समजू नका. गुलामांना आखाड्यात उतरता येत नव्हते, परक्या मुलखाच्या माणसाला येत नव्हते, आणि लग्न झालेल्या बाईला तर नुसते पाहायलाही मज्जाव होता. दरवाजा होता, पण त्याला उंबरठा फार उंच होता.

पुढे रोमन बादशाही आली, धर्म बदलला, आणि चौथ्या शतकाच्या अखेरीस ही यात्रा बंद पडली. भूकंपांनी देवळे पाडली. नद्यांना पूर येत राहिले आणि सगळे मैदान गाळाखाली गाडले गेले. पुराचा गाळ म्हणजे काय हे वाडीच्या माणसाला सांगायला नको. 2005, 2019 आणि 2021 या साली आपण घरातून पाट्याच्या पाट्या काढल्या आहेत. तिथे शेकडो वर्षे कोणी पाटी उचलायलाच आले नाही. शेवटी 1875 साली जर्मन लोकांनी रीतसर खोदाई सुरू केली, तेव्हा ते मैदान हळूहळू वर आले.

मैदान वर आले म्हणजे यात्रा जिवंत झाली असे नाही. ती पुन्हा भरवायची तर आधी एका प्रश्नाचा निकाल लावावा लागतो: उतरायचे कोणी? इथेच खरी कुस्ती लागली.

ग्रीस देश तुर्कांच्या अंमलाखालून मोकळा झाल्यावर तिथल्या लोकांनाच पहिली हौस आली. इव्हान्गेलिस झापास नावाच्या धनिकाने पैसा दिला आणि 1859 साली अथेन्स शहरात असे खेळ भरले. दुसऱ्यांदा 1870 साली भरले, ते जुने मैदान उकरून काढून त्यातच. या वेळी मजूर, कारागीर लोकही उतरले आणि जिंकले. कुस्तीचा मान तर क्रीटहून आलेल्या एका मजुराने नेला. मग काय झाले? शहरातल्या शिकल्यासवरलेल्या मंडळींच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. असल्या माणसांबरोबर आमच्या मुलांनी अंगाला अंग लावायचे काय? 1875 साली तिसरे खेळ भरले, तेव्हा ते फक्त सुशिक्षित वर्गातल्या विद्यार्थ्यांसाठीच ठेवले. परिणाम असा की लोकांचे मन उडाले आणि तो समारंभ फसला. बंधूंनो, ज्या जत्रेत गावच्या पोराची कुस्ती नाही, ती जत्रा पाहायला गाव कशाला येईल?

इंग्लंडात मच वेन्लॉक नावाचे एक लहान गाव आहे. तिथल्या विल्यम पेनी ब्रूक्स या डॉक्टराने 1850 सालापासून गावात खेळ भरवले. त्याचे म्हणणे असे की मोलमजुरी करणाऱ्या माणसालाही मोकळे मैदान आणि अंगाला व्यायाम मिळाला पाहिजे. त्याच देशात इतर ठिकाणी उलटे वारे वाहत होते. तिकडच्या बड्या मंडळींनी एक शब्द काढला, 'अमॅच्युअर', म्हणजे हौशी. खेळावर पैसा न मिळवता जो केवळ हौसेने खेळतो तो अमॅच्युअर. ऐकायला किती गोड! पण पोटभर खाऊन, नोकरचाकर ठेवून, दिवसभर रिकामा असणारा माणूसच तेवढा निव्वळ हौसेने खेळू शकतो. ज्याची एक दिवसाची मजुरी बुडाली तर घरात चूल पेटत नाही, त्याने प्रवासखर्चाला दोन पैसे घेतले की तो बाद!

काही ठिकाणी तर एवढाही आडपडदा ठेवला नाही. इंग्लंडात थेम्स नदीवर हेन्ली गावी नावांच्या मोठ्या शर्यती होतात. तिथे 1879 साली असा कायदाच केला की जो मजुरीवर काम करणारा कारागीर, यंत्रकामगार किंवा मजूर आहे अथवा पूर्वी कधी होता, तो अमॅच्युअर नव्हे आणि त्याला शर्यतीत घेऊ नये. 'पूर्वी कधी होता' हे शब्द पाहा. एकदा हाताला घट्टा पडला की जन्माचा विटाळ! आपल्या घाटावरचा नावाडी घ्या. भर पावसाळ्यात, कृष्णामाई दुथडी भरून वाहत असताना जो माणूस नाव पल्याड नेऊन सुखरूप परत आणतो, त्याच्याइतके वल्हे कोणाला कळते? सांगली-कुरुंदवाडकडच्या होड्यांच्या शर्यतींत त्याच्याच जातीची माणसे जोर करतात. पण हेन्लीला तो गेला असता तर त्याला सांगितले असते की बाबा, तू वल्ह्यावर पोट भरतोस, सबब तुला वल्हवता येत नाही! असला न्याय आपल्याला अगदीच अनोळखी आहे असे नाही. विहीर खणायची आपण आणि पाणी भरायची मनाई आपल्यालाच, हे आपल्या बापजाद्यांनी पाहिलेले आहे.

अशा हवेत 1894 साली पियेर द कुबेर्तँ या फ्रेंच सरदाराने पॅरिसला परिषद बोलावली आणि सर्व देशांसाठी ऑलिंपिक पुन्हा सुरू करण्याचा ठराव केला. या माणसाचे उपकार मोठे आहेत. अथेन्समध्ये एप्रिल 1896 मध्ये पहिले खेळ भरले. पण त्यांनीही तोच 'हौशी'चा नियम उचलला, आणि त्या वर्षी बायकांना एकाही खेळात घेतले नाही. तरी गंमत पाहा. मॅरेथॉनची लांब शर्यत कोणी जिंकली? मारूसी गावच्या स्पिरिडॉन लुईसने. त्याचा धंदा पाणी वाहण्याचा. सरदार-दरकदार संगमरवरी पायऱ्यांवर बसले होते आणि पाणक्या धुळीने माखलेला मैदानात पहिला शिरला. सगळे ग्रीस राष्ट्र त्या एका माणसासाठी उभे राहिले. पहिल्या यात्रेत आचारी, नव्या यात्रेत पाणक्या. कष्टकऱ्याला दारात कितीही अडवा, फट सापडली की तो आत येतोच.

परंतु फटीतून येणे वेगळे आणि दारातून मानाने येणे वेगळे. 1912 साली अमेरिकेतल्या मूळच्या आदिवासी जमातीतला जिम थॉर्प दोन सुवर्णपदके जिंकला. त्याने पूर्वी चेंडूफळीसारख्या एका खेळात किरकोळ पगार घेतला होता, एवढ्यावरून पुढच्या वर्षी त्याची पदके काढून घेतली. ती परत द्यायचे ठरले 1982 साली. थॉर्प 1953 सालीच मेला होता.

आता 1920 सालाकडे या, कारण तिथे आपली माणसे भेटतात. अमेरिकेचा जॉन केली हा वीटबांधणी करणारा गवंडी. त्या वर्षी हेन्लीच्या शर्यतीत त्याने नाव दिले ते नाकारले गेले. त्याच्या क्लबावर जुना राग होता हे एक कारण, आणि त्याने हाताने काम केले होते हे दुसरे. तोच केली त्याच उन्हाळ्यात बेल्जममधल्या अँटवर्पच्या ऑलिंपिकला गेला आणि ज्या इंग्रजाने हेन्लीची शर्यत जिंकली होती त्याला मागे टाकून सुवर्णपदक घेऊन आला. हेन्लीचा तो कायदा पुढे 1937 साली काढावा लागला.

याच अँटवर्पला हिंदुस्थानचे पथक पहिल्यांदा गेले. त्याचे मूळ पुण्याला. डेक्कन जिमखान्याच्या शर्यतींत शेतकऱ्यांची पोरे अनवाणी धावताना सर दोराबजी टाटांनी पाहिली आणि त्यांना वाटले की या पोरांना जगापुढे उभे करावे. त्यांनी पैसा उभा केला. त्या पथकात बेळगावकडचे फडेप्पा चौगुले मॅरेथॉन धावले आणि एकोणिसावे आले. आणि आपल्या कोल्हापूरचे मल्ल रणधीर शिंदे कुस्तीत एका इंग्रजाला हरवून उपांत्य फेरीपर्यंत पोहोचले. शेवटी चौथा क्रमांक आला. मातीतल्या मल्लाने परमुलखात, परक्या नियमांखाली, पहिल्याच खेपेला पदक थोडक्यात गमावले. शंभर वर्षे झाली, आपल्या किती पोरांना हे नाव ठाऊक आहे? मी माझ्या वर्गात विचारले. एकही हात वर झाला नाही. दोष पोरांचा नाही, शिकवणाऱ्याचा आहे.

रणधीर शिंदे आकाशातून पडले नव्हते. त्यांच्या पाठीशी राजर्षी शाहू छत्रपती होते. महाराज 1902 साली विलायतेला गेले, तेव्हा रोम शहरात त्यांनी जुन्या रोमन लोकांचे प्रचंड गोल क्रीडागार पाहिले. मोडके अवशेष पुष्कळ लोक पाहतात आणि वा वा म्हणून परत येतात. महाराजांनी कोल्हापुरास परत येऊन खासबागेत मैदान बांधवले. 1912 साली ते तयार झाले. मधे आखाडा, भोवती उतरत गेलेली बैठक, दृष्टीआड येणारा एकही खांब नाही. दूरच्या कोपऱ्यात घोंगडे टाकून बसलेल्या माणसालाही डाव दिसावा. आखाड्यात उतरणाऱ्याची जात कोणती, धर्म कोणता, हे तिथे कोणी विचारत नव्हते. पंजाबचा मुसलमान मल्ल आणि करवीरचा मराठा मल्ल एकाच मातीत लोळले आणि दोघांचाही खुराक दरबारातून चालला. ज्या 1902 साली महाराजांनी ते रोमचे अवशेष पाहिले, त्याच साली 26 जुलैला त्यांनी संस्थानच्या नोकऱ्यांत मागासलेल्या वर्गांसाठी शेकडा 50 जागा राखल्या. मला या दोन गोष्टी एकाच हाताच्या वाटतात. मैदान बांधायचे तर दरवाजाही रुंद ठेवायचा, आणि आत येणाऱ्याच्या पोटाचीही सोय पाहायची.

पोटाची सोय हे मी मुद्दाम म्हणतो. खाशाबा जाधवांची हकिगत पाहा. जन्म 1926, गाव कराडजवळचे गोळेश्वर, घरात वडिलांपासून कुस्ती. शिकायला कोल्हापुरास राजाराम कॉलेजात. 1948 साली कोल्हापूरच्या महाराजांनी खर्च दिला म्हणून लंडनच्या ऑलिंपिकला गेले. जन्मभर मातीत खेळलेला गडी, तिथे गादीवर उभा राहिला, तरी सहावा आला. 1952 साली फिनलंडमधल्या हेलसिंकीला जायचे, तर पुन्हा तोच प्रश्न: पैसा कोठून? गावोगाव वर्गणी झाली. आणि राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण ठेवून सात हजार रुपये दिले, ही गोष्ट आपल्या मुलखात सर्वतोमुखी आहे. खाशाबांनी तिथे कॅनडा, मेक्सिको आणि जर्मनीच्या मल्लांना हरवले आणि ब्राँझपदक आणले. स्वतंत्र हिंदुस्थानला एकट्याच्या बळावर मिळालेले ते पहिले ऑलिंपिक पदक. त्याच वेळी आपले केशव माणगावे दुसऱ्या वजनगटात चौथे आले. खाशाबा गावी परतले तेव्हा लोकांनी बैलगाड्यांची मिरवणूक काढली. पुढे ते पोलिसात नोकरीला लागले. 1984 साली रस्त्यावरच्या अपघातात गेले. अर्जुन पुरस्कार जाहीर झाला तो त्यानंतर कितीतरी वर्षांनी.

मिरवणुकीच्या बैलगाड्या आपण अभिमानाने मोजतो. पण पदक मिळाल्यावरच्या शंभर गाड्यांपेक्षा पदकाच्या आधीची एक गहाणवटीची चिठ्ठी मला मोठी वाटते.

येथे मला स्वतःचा एक दोष सांगितला पाहिजे. पुष्कळ वर्षांपूर्वी माझ्या वर्गात एक मुलगा होता. बाप इचलकरंजीस मागावर रात्रपाळी करी, आई दुसऱ्याच्या उसात भांगलणीला जाई. पोरगा अंगाने काटक, पट काढण्यात तर विजेसारखा. तालुक्याला जिंकला, जिल्ह्याला निवड झाली. जायला भाडे, कुस्तीचे बूट आणि दोन दिवसांचे खाणे, एवढाच खर्च. बापाने मला विचारले, "गुरुजी, काय करावं?" मी म्हणालो, "बघू." मला कोणाच्या दारात जाऊन मागायची लाज वाटली. आणि खरे सांगायचे तर, माझ्याही खिशात तेवढे होते. बघता बघता तारीख गेली. पोरगाही काही बोलला नाही. हळूहळू तालीम सुटली, मग शाळाही. आज तो बापासारखाच मागावर आहे. घाटावर भेटला की आपणहून थांबतो आणि "गुरुजी, बरं हाय का?" म्हणून विचारतो. त्याच्या मनात काही नाही, पण मला त्याच्या डोळ्याला डोळा देववत नाही. एका प्राचार्याने घर गहाण टाकले आणि एका मास्तराला चार दारे फिरणे जमले नाही. हेन्लीच्या साहेबांनी कारागिराला कायदा करून बाहेर ठेवले. मी त्याला 'बघू' म्हणून बाहेर ठेवले. पोराच्या दृष्टीने फरक काय पडला?

तो 'हौशी'चा जुना नियम 1970 नंतरच्या वर्षांत सैल होत होत गेला. बायकांची कुस्ती 2004 साली ऑलिंपिकमध्ये आली आणि 2016 साली साक्षी मलिकने त्यात ब्राँझ मिळवले. 2024 च्या ऑगस्टात पॅरिसला राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने नेमबाजीत ब्राँझपदक घेतले. खाशाबांनंतर 72 वर्षांनी महाराष्ट्राच्या गड्याला एकट्याच्या बळावर पदक मिळाले, तेही आपल्याच जिल्ह्यात आले. त्याचे वडील माझ्यासारखेच शाळामास्तर. पोराच्या खेळासाठी त्यांनी कर्ज काढले. म्हणजे 1952 साली जे होते तेच आजही आहे. कायद्याने दरवाजा उघडला, पण दारापर्यंतचे भाडे अजून ज्याचे त्यानेच भरायचे आहे. आणि 2036 चे ऑलिंपिक हिंदुस्थानात भरवावे म्हणून सरकारने 2024 साली पत्रही दिले आहे. मोठमोठी मैदाने बांधली जातील. त्या मैदानात आपली पोरे पायऱ्यांवर टाळ्या पिटायला बसणार की मधे उतरणार, हे आपल्या गावात ठरायचे आहे. 2036 साली जो पंचवीस वर्षांचा असेल, तो आज पाटी-दप्तर घेऊन माझ्याच शाळेत बसला आहे.

म्हणून माझी तीन मागणी आहेत.

एक, जत्रेच्या वर्गणीतला दहावा हिस्सा आधी बाजूला काढावा. दारूकाम थोडे कमी झाले तर देव रागावणार नाही. त्या पैशातून तालुक्याला, जिल्ह्याला निवडल्या जाणाऱ्या पोरांचे भाडे, बूट आणि खुराक भागवावा. हिशेब पाराशेजारच्या फळ्यावर दर महिन्याला लिहावा. लिहिण्याचे काम माझे.

दोन, माती सोडू नका. ताक, तेल, हळद घालून कसलेली आपली तांबडी माती अंगाला बळ देते. पण मातीत पाठ लागेपर्यंत वेळ असतो. गादीवर तीन-तीन मिनिटांचे दोन डाव आणि गुणांचा हिशेब. खाशाबांना जे परमुलखात जाऊन शिकावे लागले ते आपल्या पोरांनी इथेच शिकावे. गादी घ्यायला पैसा जमेल तेव्हा जमेल. तोवर आठवड्यातून एक दिवस पोरांना जिथे गादी आहे तिथे घेऊन जावे.

तीन, मुलींसाठी सकाळची वेळ राखून ठेवावी. ऑलिंपियाच्या जुन्या लोकांनी बायांना पाहूसुद्धा दिले नाही. त्यांचे मैदान गाळात गेले. आपण तरी तो धडा घ्यावा.

कोणी म्हणेल, मास्तर, आपण गरीब माणसे, आपल्याच्याने काय होणार? त्यांना मी आपली जुनी म्हण सांगतो: गाव करी ते राव न करी. छत्रपतींसारखा राजा दर पिढीला मिळत नाही. पण गाव दर पिढीला असते. या वहीत पहिल्या ओळीवर मी पाचशे एक रुपये लिहून ठेवले आहेत. हे दान नाही. त्या मुलाचे भाडे आहे, फार उशिरा भरलेले. दुसरी ओळ कोरी आहे.